मोबदला थकला म्हणजे अवमान झाला का?

पुण्यातील पाषाण परिसरातील सुमारे २४ एकर जमिनीचा जुना वाद ऑगस्ट २०२४ मध्ये एकाएकी राज्यभर चर्चेचा विषय झाला. १९५० च्या सुमारास एका कुटुंबाने विकत घेतलेली ही जमीन पुढे सरकारने ताब्यात घेतली आणि ती संरक्षण खात्याच्या संशोधन संस्थेकडे गेली. कुटुंबाने न्यायालयात दाद मागितली व सर्वोच्च न्यायालयापर्यंत निकाल त्यांच्याच बाजूने लागला. बदली म्हणून राज्य सरकारने दुसरी जमीन दिली, तर ती वनक्षेत्रात मोडणारी निघाली. प्रश्न पुन्हा सर्वोच्च न्यायालयात गेला. सरकार ३७ कोटी ४२ लाख रुपये देऊ करीत होते, तर वारसांची मागणी सुमारे ३१७ कोटींची होती. लोकप्रिय योजनांसाठी पैसा आहे, मात्र जमीन गमावलेल्यांसाठी नाही, या शब्दांत नाराजी व्यक्त करून न्यायालयाने 'लाडकी बहीण' योजना थांबविण्याचा इशारा दिला. पाठोपाठ महसूल व वन खात्याच्या अपर मुख्य सचिवांना अवमानाची नोटीस निघाली.

पैसे न दिल्यामुळेच सरकारवर अवमानाची कारवाई झाली, असा समज त्या वेळी अनेकांचा झाला. वस्तुतः ती नोटीस प्रतिज्ञापत्रातील एका विधानाबद्दल होती. सरकारची आकडेमोड अर्जदाराला आणि न्यायालयालाही कदाचित पसंत पडणार नाही, परंतु कायद्याप्रमाणे योग्य हिशेब करणे हे राज्याचे कर्तव्य आहे, अशा आशयाचे ते विधान होते. कायदा जणू सरकारलाच पाळायचा आहे, न्यायालयाला नाही, असा त्याचा ध्वनी निघत होता. सप्टेंबरमध्ये संबंधित अधिकाऱ्यांनी बिनशर्त माफी मागितली आणि तो विषय मिटला. ३७ कोटी की ३१७ कोटी, या मूळ प्रश्नाचे उत्तर त्या नोटिशीत नव्हते. ते तेथे असूही शकत नव्हते.

अवमानाची कारवाई आणि मोबदल्याची वसुली या दोन गोष्टींत असलेले हे अंतर जमीनधारकांनी नीट समजून घ्यायला हवे. रिंगरोड, मेट्रो, महामार्ग, धरणे व औद्योगिक वसाहती यांसाठी जमिनी जातात, तेव्हा त्यांच्या सातबाऱ्यावर गावात राहणाऱ्यांइतकीच शहरात स्थायिक झालेल्या भावा-बहिणींचीही नावे असतात. निकाल हाती आला, पैसे मात्र आले नाहीत, अशा वेळी 'आता साहेबांवर अवमान टाकू' हा सल्ला हमखास मिळतो. तो नेहमीच चुकीचा नसतो. परंतु चुकीच्या वेळी तो मानला, तर काही वर्षे व्यर्थ जातात आणि योग्य दार ठोठावायचे राहून जाते.

अवमानाची व्याख्या काय सांगते?

न्यायालयीन अवमान अधिनियम १९७१ मध्ये अवमानाचे दोन प्रकार मानले आहेत, दिवाणी आणि फौजदारी. मोबदल्याच्या प्रकरणांत बहुधा दिवाणी अवमानाचा प्रश्न येतो. न्यायालयाचा निकाल, हुकूमनामा, निर्देश अथवा आदेश हेतुपुरस्सर न पाळणे, किंवा न्यायालयाला दिलेली हमी हेतुपुरस्सर मोडणे, म्हणजे दिवाणी अवमान. या व्याख्येतील 'हेतुपुरस्सर' हा शब्द सर्वांत महत्त्वाचा आहे. आदेश पाळला गेला नाही एवढे दाखवून भागत नाही. तो जाणूनबुजून पाळला नाही, हे सिद्ध व्हावे लागते. ही कारवाई शिक्षेकडे नेणारी असल्याने संशयाचा फायदा समोरच्याला मिळतो. आदेशाचे दोन वाजवी अर्थ निघत असतील आणि अधिकाऱ्याने त्यांपैकी एक धरला असेल, तर तो अर्थ पुढे चुकीचा ठरला तरी अवमान होत नाही.

शिक्षा किती? कायद्याने घातलेली कमाल मर्यादा सहा महिन्यांची साधी कैद, दोन हजार रुपये दंड, अथवा दोन्ही, अशी आहे. दिवाणी अवमानात तर दंडाने भागत असेल तर दंडच करावा, असा कायद्याचा कल आहे. मनापासून मागितलेली माफी न्यायालयाला समाधानकारक वाटली, तर शिक्षाही टळते. या साऱ्यात जमीनधारकाच्या हाती एक रुपयाही पडण्याची तरतूद नाही. अवमानाच्या कायद्यात तक्रार जरी जमीनधारकाची असली, तरी रक्षण होते ते न्यायालयाच्या आदेशाच्या प्रतिष्ठेचे. आदेश पाळला गेला की त्याला पैसे मिळतात, हा त्या रक्षणाचा परिणाम असतो.

भूसंपादन अधिकाऱ्याचा निवाडा

दुसरा गैरसमज निवाड्याविषयी आहे. भूसंपादन अधिकारी जो निवाडा जाहीर करतो, तो न्यायालयाचा आदेश नसतो. १८९४ च्या कायद्याखालील निवाडा म्हणजे सरकारने जमीनधारकापुढे ठेवलेला मोबदल्याचा प्रस्ताव, अशी सर्वोच्च न्यायालयाची जुनी व प्रस्थापित भूमिका आहे. म्हणून निवाड्यातील रक्कम वेळेवर मिळाली नाही, तर तो कर्तव्यभंग होतो, त्यावर व्याजही चढते. परंतु न्यायालयाचा अवमान होत नाही. अशा वेळी आधी उच्च न्यायालयात रिट याचिका करून 'अमुक मुदतीत रक्कम द्या' असा आदेश मिळवावा लागतो. तो आदेश मोडला, तर अवमानाचा मार्ग खुला होतो.

मोबदला कमी वाटल्यास जुन्या कायद्याच्या कलम १८ खाली दिवाणी न्यायालयाकडे प्रकरण पाठवून घेता येत असे. १ जानेवारी २०१४ पासून लागू झालेल्या नव्या भूसंपादन कायद्यात हे काम कलम ६४ खाली प्राधिकरणाकडे आले. या दोन्ही ठिकाणी होणारा वाढीव मोबदल्याचा निवाडा कायद्यानेच दिवाणी हुकूमनाम्यासारखा मानला आहे. राष्ट्रीय महामार्गाची वाट आणखी वेगळी आहे. तेथे १९५६ च्या कायद्याच्या कलम ३ग नुसार दराचा वाद केंद्र सरकारने नेमलेल्या लवादापुढे जातो आणि लवादाचा निवाडा लवाद कायद्याच्या कलम ३६ खाली हुकूमनाम्याप्रमाणे वसूल केला जातो. मार्ग वेगळे असले तरी हाती पडतो तो हुकूमनामा, आणि त्याच्या वसुलीसाठी कायद्याने स्वतंत्र व्यवस्था केलेली आहे.

दरखास्तीचा मार्ग

ती व्यवस्था म्हणजे दरखास्त. जिल्हाधिकारी कार्यालयात न्यायालयाचा बेलिफ जप्तीचे वॉरंट घेऊन आला, साहेबांची गाडी किंवा खुर्च्या-संगणक जप्त करू लागला, आणि मग अधिकाऱ्यांनी मुदत मागितली, अशा बातम्या मराठी वाचकांना नव्या नाहीत. ही कारवाई अवमानाची नसते. दिवाणी प्रक्रिया संहितेनुसार चाललेली ती हुकूमनाम्याची अंमलबजावणी असते. सरकारविरुद्धचा हुकूमनामा असेल तर कलम ८२ प्रमाणे तीन महिने थांबावे लागते. त्यानंतरही रक्कम भरली गेली नाही, तर जप्तीची पावले उचलता येतात.

दरखास्तीत हेतू सिद्ध करावा लागत नाही. पैसे का दिले नाहीत, हा प्रश्न तेथे गौण असतो. दिले की नाहीत, एवढेच पाहिले जाते. अधिकाऱ्याची बदली झाली, फाईल दुसऱ्या टेबलावर गेली, तरतूद झाली नाही, या सबबींना तेथे फारसे मोल नाही. दरखास्तीची मुदत हुकूमनाम्यापासून १२ वर्षांची आहे. हिशेबाचा वाद उद्भवला, तर कलम ४७ खाली तो सोडविण्याचा अधिकार त्याच न्यायालयाला आहे. म्हणूनच १९९९ मध्ये बिहारमधील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा पर्यायी मार्ग कायद्यात असताना अवमानाची कारवाई त्यासाठी वापरू नये.

आदेशाची चौकट

अवमानाच्या कारवाईची सर्वांत मोठी मर्यादा यापुढे आहे. अवमानाचे प्रकरण ऐकणारे न्यायालय मूळ आदेशाच्या चौकटीबाहेर जाऊ शकत नाही. आदेशात जे लिहिले, ते पाळले की नाही, एवढेच ते तपासते. आदेशात काय लिहायला हवे होते, याचा विचार ते करीत नाही. ओएनजीसीच्या रेडिओ ऑपरेटरांच्या प्रकरणात २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे तत्त्व पुन्हा ठामपणे मांडले. त्याआधी १९९६ मध्ये राजस्थानातील सेवाज्येष्ठतेच्या एका वादात याच तत्त्वाची दुसरी बाजू स्पष्ट झाली होती. न्यायालयाच्या निर्देशानुसार सरकारने एखादा निर्णय घेतला, की तो निर्णय बरोबर असो वा चूक, त्यातून दाद मागण्याचे नवे कारण निर्माण होते. त्याची गुणवत्ता अवमानाच्या प्रकरणात तपासता येत नाही.

मोबदल्याच्या वादांत याचा अर्थ फार व्यावहारिक आहे. समजा, उच्च न्यायालयाने 'जमीनधारकाच्या अर्जावर तीन महिन्यांत निर्णय घ्या' असा आदेश दिला आणि अधिकाऱ्याने तिसऱ्या महिन्यात अर्ज फेटाळला. आदेश पाळला गेला, अवमान नाही. फेटाळणी चुकीची असेल तर तिला स्वतंत्र आव्हान द्यावे लागते. शेजाऱ्याला न्यायालयातून वाढीव दर मिळाल्यावर जुन्या कायद्याच्या कलम २८अ खाली इतरांनी केलेल्या अर्जांचेही तसेच आहे. तेथे ठरलेला दर मान्य नसेल, तर प्रकरण पुन्हा न्यायालयाकडे पाठविण्याची मागणी करायची असते, अवमानाची नव्हे.

दिलासा रकमेवरील व्याजाचा प्रश्न हेही एक बोलके उदाहरण आहे. दिलासा रकमेवरही व्याज द्यावे लागते, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने १९ सप्टेंबर २००१ रोजी दिला. पण ज्यांच्या हुकूमनाम्यात याबाबत मौन होते, त्यांचे काय? २००६ मध्ये घटनापीठाने सांगितले की, हुकूमनामा मौन असेल आणि दरखास्त प्रलंबित असेल, तर दरखास्त चालविणारे न्यायालय हे व्याज देऊ शकते, मात्र ते २००१ च्या त्या तारखेपासूनचे. आणि मूळ न्यायालयाने ते स्पष्टपणे नाकारले असेल, तर मुळीच नाही. दरखास्तीतही हात इतके बांधलेले असतील, तर अवमानाच्या न्यायालयाकडून आदेशात नसलेल्या व्याजाची अपेक्षा धरण्यात अर्थ नाही.

बेंगळुरूचा धडा

या मर्यादेची किंमत किती असू शकते, हे बेंगळुरू-म्हैसूर मार्ग प्रकल्पाच्या प्रकरणात दिसून आले. जमिनींची प्राथमिक अधिसूचना जानेवारी २००३ मध्ये निघाली, २००५ मध्ये ताबा गेला, मोबदल्याचा निवाडा मात्र झाला नाही. जमीनधारक न्यायालयात गेले. अखेर अवमानाच्या नोटिसा निघाल्यावर यंत्रणा हलली आणि २२ एप्रिल २०१९ रोजी निवाडा झाला. येथपर्यंत अवमानाच्या अस्त्राने आपले काम चोख केले, असेच म्हणावे लागेल.

पण निवाड्यात दर धरला तो २०११ च्या मार्गदर्शक किमतींचा. तो वाजवी आहे की नाही, हे अवमानाच्या कारवाईत ठरणार नव्हते. त्यासाठी जमीनधारकांना पुन्हा रिट याचिका करावी लागली. उच्च न्यायालयात अपयश आले आणि शेवटी २ जानेवारी २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने घटनेच्या अनुच्छेद १४२ खालील विशेषाधिकार वापरून २२ एप्रिल २०१९ रोजीचा बाजारभाव धरून नव्याने निवाडा करण्याचा आदेश दिला. २००३ चा दर दिला, तर अनुच्छेद ३००अ ने दिलेला मालमत्तेचा हक्कच थट्टेचा विषय होईल, अशी न्यायालयाची भूमिका होती. अवमानाच्या नोटिशीने निवाडा मिळवून दिला. न्याय्य दर मिळवायला आणखी जवळजवळ सहा वर्षे आणि स्वतंत्र दावा लागला.

अपील, स्थगिती आणि एक वर्ष

वाढीव मोबदल्याच्या निकालाविरुद्ध सरकारी अपील ही नित्याची बाब आहे. केवळ अपील दाखल केल्याने निकाल थांबत नाही. त्यासाठी स्थगिती लागते. तरीही स्थगितीचा अर्ज वरच्या न्यायालयात प्रलंबित असेल, तर आधी त्याचा निकाल लागावा आणि मग अवमानाचा विचार व्हावा, असा दंडक सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्येच सांगितला आहे. त्यामुळे अवमानाची नोटीस निघाली की स्थगितीसाठी धावपळ, असा क्रम अनेकदा दिसतो. अशा वेळी जमीनधारकाने स्थगितीला विरोध करणे आणि निदान काही रक्कम न्यायालयात भरण्याची अट घालून घेणे, हे अवमानाच्या मागे धावण्यापेक्षा अधिक फलदायी ठरते.

मुदतीचा मुद्दा तर अनेकांना घात करणारा आहे. कलम २० नुसार अवमान घडल्यापासून एक वर्षानंतर कारवाई सुरू करता येत नाही. याचिका त्या वर्षाच्या आत दाखल झालेली असली तर पुरे, असा खुलासा सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये केला. 'पैसे आजही मिळालेले नाहीत, म्हणजे अवमान रोज घडतो आहे' हा युक्तिवाद ऐकायला बिनतोड वाटतो. परंतु चुकीचा परिणाम टिकून राहणे आणि चूक स्वतः चालू राहणे यांत कायदा फरक करतो. १२ वर्षे आणि एक वर्ष या दोन मुदतींतील अंतर लक्षात ठेवले, तर दरखास्त का आधी, हे वेगळे सांगायला नको.

आणखी एक विषमता आहे. अवमानाबद्दल शिक्षा झाली, तर अधिकाऱ्याला कलम १९ खाली अपिलाचा हक्क आहे. मात्र कारवाई करण्यास न्यायालयाने नकार दिला, तर जमीनधारकाला तसा हक्क नाही. मिदनापूर येथील सहकारी बँकेच्या प्रकरणात २००६ मध्ये हे स्पष्ट झाले. त्याच्यापुढे उरते ती सर्वोच्च न्यायालयात विशेष परवानगीची याचिका.

अवमान केव्हा चालतो?

याचा अर्थ अवमानाचा मार्ग निरुपयोगी आहे असा मात्र नाही. आदेश रिट याचिकेतील असेल, त्यात रक्कम निश्चित असेल, कोणी व किती दिवसांत द्यायची हे लिहिलेले असेल, स्थगिती नसेल आणि स्मरणपत्रे देऊनही हालचाल झाली नसेल, तर अवमानाची याचिका प्रभावी ठरते. आंध्र प्रदेशातील नेल्लोर जिल्ह्यातील प्रकरण याचे उदाहरण आहे. एका महिलेच्या जमिनीचा मोबदला तीन महिन्यांत देण्याचा आदेश तेथील उच्च न्यायालयाने २०१७ मध्ये दिला होता. पैसे प्रत्यक्षात मिळाले ते २०२१ मध्ये, अवमानाची याचिका झाल्यानंतर. तरीही सप्टेंबर २०२१ मध्ये न्यायालयाने काही सनदी अधिकाऱ्यांना अल्प मुदतीच्या कैदेची शिक्षा सुनावली. अपिलासाठी ती लगेच स्थगितही झाली. परंतु उशिरा दिलेल्या पैशाने झालेला अवमान आपोआप पुसला जात नाही, हा संदेश त्यातून गेला.

सरकारने न्यायालयात हमी दिली असेल, तर बाजू आणखी भक्कम होते. हमी मोडल्यावर, दरखास्तीचा पर्याय आहे म्हणून अवमानाचे दार बंद होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये म्हटले आहे. म्हणूनच सुनावणीत सरकारी वकील 'दोन महिन्यांत रक्कम भरतो' असे म्हणाले, तर ते विधान आदेशात नोंदवून घेण्याचा आग्रह वकिलाने धरावा. कोणत्या पदावरील अधिकारी ती रक्कम देणार आणि कोणती संपादन संस्था ती भूसंपादन अधिकाऱ्याकडे जमा करणार, हेही त्यात यावे. 'संस्थेने पैसे भरले नाहीत' असे भूसंपादन अधिकारी सांगतो आणि 'आम्हाला मागणीपत्रच आले नाही' असे संस्था सांगते, या टोलवाटोलवीत हेतू कोणाचा हे सिद्ध होत नाही आणि अवमानाची याचिका तेथेच अडते.

न्यायालयांनीही अलीकडे हात आवरता घेतला आहे. ३ जानेवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सरकारी अधिकाऱ्यांना बोलावण्याबाबत कार्यपद्धती घालून दिली. अवमानाच्या प्रकरणांतही संयम राखावा, आधी नोटीस काढून म्हणणे मागवावे आणि हजेरी आवश्यक वाटल्यास प्रथम दूरदृश्य प्रणालीचा पर्याय द्यावा, असे त्यात सांगितले आहे. अधिकारी न्यायालयात ताटकळत उभा राहिल्याने मोबदल्याचा धनादेश लवकर निघतो, हा अनुभव खरा असला तरी तो कायद्याचा आधार होऊ शकत नाही.

मर्यादा कोणासाठी?

तक्रार तीन प्रकारची असू शकते, आणि प्रत्येकीचे दार वेगळे आहे. दर कमी वाटतो, तर संदर्भ अर्ज किंवा अपील. हुकूमनामा आहे पण रक्कम आली नाही, तर दरखास्त. न्यायालयाचा सुस्पष्ट, मुदतबंद आदेश किंवा हमी जाणूनबुजून मोडली, तरच अवमान. ही विभागणी तांत्रिक वाटली तरी तिच्यामागे तत्त्व आहे. तुरुंगाच्या भीतीखाली हिशेब ठरू लागले, तर कोणता आकडा कायद्याचा आणि कोणता धास्तीचा, हे कळेनासे होईल. सरकारी तिजोरीचा पैसाही शेवटी जनतेचाच आहे.

तथापि या मर्यादांचा आडोसा सरकारने घ्यावा, असा त्यांचा उद्देश नव्हता. जुन्या कायद्याच्या कलम २८ नुसार वाढीव रकमेवर ताबा घेतल्यापासून पहिल्या वर्षी ९ टक्के व पुढे १५ टक्के व्याज देता येते, आणि सामान्यतः ते दिले जाते. वाढीव रक्कम १० लाख असेल आणि ती १० वर्षे रखडली, तर पहिल्या वर्षाचे ९० हजार आणि उरलेल्या नऊ वर्षांचे साडेतेरा लाख, असे केवळ व्याजच १४ लाख ४० हजार होते. मूळ रकमेपेक्षा व्याज मोठे. हा भुर्दंड भरतो तो करदाता. फाईल दाबून ठेवणाऱ्याच्या खिशाला त्याची झळ बसत नाही. अवमानात दोषी ठरलाच, तरी त्याच्या दंडाची कमाल मर्यादा दोन हजार रुपये.

खरा दोष या तफावतीत आहे. अवमानाची तलवार अधिक धारदार करून तो दूर होणार नाही. निकाल लागताच रक्कम न्यायालयात जमा करण्याची शिस्त, अपील करायचे की नाही याचा ठरावीक मुदतीत निर्णय, आणि विलंबाने चढलेल्या व्याजाची जबाबदारी निश्चित करणारी खातेनिहाय चौकशी, एवढे झाले तरी दरखास्तींची संख्या घटेल. तोवर जमीनधारकाने निकालाची प्रत हाती येताच दोन तारखा वहीत लिहून ठेवाव्यात. एक, ज्या दिवशी आदेशातील मुदत संपते ती, कारण तेथून अवमानाचे एक वर्ष मोजले जाते. आणि दुसरी, हुकूमनाम्याची, जिच्यापासून दरखास्तीची १२ वर्षे धावू लागतात.